नागपुरातून मे महिन्यात फॅमिली ग्लॅम्पिंग: आधी दुपार सोडवा, मग टेंट बुक करा

मे महिन्यात पोट्टे घेऊन टेंटात राहायला जाऊन राहिलो म्हटलं की नागपुरात समोरचा माणूस आधी कपाळाला हात लावतो, मग विचारतो, "काहून बा, घरातला एसी बिघडला काय?" त्याचंही बरोबरच आहे, ४४-४५ डिग्री म्हणजे थट्टा नाही. पण सुट्ट्या तेव्हाच असतात नं. विदर्भात उन्हापायी शाळा जूनच्या शेवटाकडे उघडतात, तोवर पोट्टे घरी, आणि ज्या मामाच्या गावाला आपण जायचो तो मामाही आता मनीषनगरात फ्लॅट घेऊन बसला आहे. तर दोन रात्री कुठंतरी जंगलाच्या काठावर, पलंग आणि बाथरूमवाल्या टेंटात (यालाच ग्लॅम्पिंग म्हणतात) काढायच्या आणि परत आल्यावर कोणाला सलाईन लावायची वेळ येऊ द्यायची नाही, हे कसं जमवायचं ते सांगतो.

पुण्या-मुंबईचे लोक ट्रिप ठरवतात तेव्हा आधी जागा बघतात, मग तिथं काय काय पाहायचं त्याची यादी. आपल्याला ते चालत नाही. आपला पहिला प्रश्न एकच, सकाळी १० ते संध्याकाळी ५ या वेळात आपण कुठं असणार आणि काय करणार. याचं उत्तर पक्कं झालं की जागा, टेंट, खाणं, पोरांचे खेळ सगळं आपोआप ठरत जाते. मे महिन्यात आपल्याकडे सूर्य साधारण साडेपाच-पावणेसहाला उगवतो आणि पावणेसातच्या आसपास मावळतो. म्हणजे बाहेर फिरायला तुमच्या हाती पहाटे साडेचार ते नऊ आणि मग संध्याकाळी साडेपाचपासून झोपेपर्यंत. मधला वेळ टेंटाचा. म्हणून टेंटाला पैसे लावा, बाकी गोष्टीत काटकसर चालते.

कधी जायचं

एप्रिलचा शेवट किंवा मेचे पहिले दोन आठवडे बरे. २५ मेच्या आसपास सूर्य रोहिणीत गेला की नवतपा सुरू होतो, ते नऊ दिवस तरी घरीच राहा, कोणी कितीही डिस्काउंट देऊ दे. जूनच्या पहिल्या-दुसऱ्या आठवड्यात ऊन थोडं उतरते असं वाटते पण हवेत दमटपणा येते, संध्याकाळी वादळ सुटते, आणि टेंटात वादळ म्हणजे रात्रभर कापडाचा फडफडाट आणि लहान पोरगं कुशीत. १ जुलैपासून व्याघ्र प्रकल्पांचा कोअर भाग पावसाळ्यासाठी बंद होतो, सफारी डोक्यात असेल तर तेही लक्षात असू द्या.

तारीख ठरवताना कॅलेंडरात चंद्रही बघा. चांदण्या पाहायच्या असतील तर अमावस्येच्या जवळपासचा शनिवार-रविवार पकडा. याच्या उलट बुद्ध पौर्णिमेला जंगलात पाणवठ्यांजवळच्या मचाणांवर बसून प्राणी मोजायचा, बघायचा वनविभागाचा कार्यक्रम असतो, त्या रात्रीसाठी हौशी लोक दुरून येतात आणि जंगलाच्या आजूबाजूची राहायची सोय भरून जाते. तुमचा त्यात भाग नसेल तर तो वीकेंड सोडा.

कुठं जायचं

दोन रात्रींसाठी माझं मत साफ आहे, गाडीनं दोन तासांच्या आत जे येते तेच. थंड हवेच्या मोहात पडून चिखलदऱ्याला निघता, ते इथून सव्वादोनशे किलोमीटरच्या वर, परतवाड्यानंतर घाट, पोट्ट्यांना उलट्या, पोचेपर्यंत अर्धा दिवस गेला. चिखलदरा सुंदरच आहे, ११०० मीटरच्या वर उंची, विदर्भातलं एकुलतं एक हिल स्टेशन, कॉफीच्या बागा, गाविलगड, सगळं आहे, पण त्याला तीन रात्री द्या. पचमढीचंही तसंच, छिंदवाडा-तामिया करत जायचं तर रस्ताच एक ट्रिप आहे. दोन रात्रींत दोन्हीकडे फक्त गाडी पाहून होते.

जवळ म्हणजे पेंच. जबलपूर रोडनं कामठी, कन्हान, मनसर करत गेलं की सिल्लारी साधारण ७० किलोमीटर, थोडं पुढं हायवेनंच गेलं की खुर्सापार, आणि खवासा ओलांडून मध्यप्रदेशात शिरलं की तुरिया गेट. राहायची सोय सगळ्यात जास्त तुरियाकडे, साध्या टेंटापासून ते खिशाला भोक पाडणाऱ्यापर्यंत. महाराष्ट्राकडची बाजू शांत आहे. या हायवेवर जंगलाच्या भागात जनावरांना खालून जाता यावं म्हणून रस्ता उचलून घेतला आहे, गाडी वरून जाते आणि खालून चितळ, कधी वाघसुद्धा, पोट्ट्यांना हे आधी सांगून ठेवा म्हणजे "अजून किती दूर" हा प्रश्न थोडा उशिरा येते.

त्याहून जवळ पाहिजे तर रामटेक आणि खिंडसीचा तलाव, इथं जंगल कमी पण बोटिंग आहे आणि आजी-आजोबा सोबत असतील तर सोयीचं. उमरेड-कऱ्हांडला पण तासा-दीड तासात येते. ताडोबाला कोलारा गेटकडून जायचं तर चिमूर रस्त्यानं, मोहर्लीला जरा जास्त, आणि एक लक्षात ठेवा, मंगळवारी ताडोबा बंद असते, दरवेळी कोणीतरी सोमवार-मंगळवारची सुट्टी टाकून मग फोन करत बसतो. नागझिरा मला स्वतःला फार आवडते पण मेमध्ये लहान पोरांसोबत पहिल्यांदाच जात असाल तर पेंचच घ्या.

टेंट बघताना

इथं सगळ्यात जास्त डोकं लावा. वेबसाइटवरचे फोटो ऑगस्ट-सप्टेंबरचे असतात, हिरवंगार, टेंटावर झाडांची सावली. मेमध्ये आपल्याकडचा साग पूर्ण बोडका असतो, एक पान नसते, त्यामुळे सागाच्या जंगलातला टेंट म्हणजे उघड्या उन्हातला टेंट. आंबा, मोह, जांभूळ, वड असं झाड असेल तरच सावली. म्हणून बुकिंगच्या आधी सरळ सांगा, "भाऊ, आज दुपारी दोन वाजता टेंटाचा बाहेरून आणि आतून एक व्हिडिओ व्हॉट्सअ‍ॅपवर पाठव." जो पाठवतो तो चांगला. जो जुने फोटो पाठवतो त्याला राम राम.

नुसतं एक कापड असेल तर उन्हात आत भट्टी होते. टेंटावर वेगळं छप्पर पाहिजे, गवताचं, बांबूचं किंवा निदान हिरव्या जाळीचं, आणि छप्पर व कापड यांच्यामध्ये हवा खेळायला जागा पाहिजे. ते छप्पर ऊन आपल्या अंगावर घेते, कापडापर्यंत येऊ देत नाही. काचेचे आणि प्लास्टिकचे पारदर्शक डोम फोटोत भारी दिसतात, डिसेंबरात जा बिनधास्त, मेमध्ये नको.

मग एसी का कूलर. लोक डोळे झाकून एसी मागतात. खरं म्हणजे कापडी टेंटात एसीची थंड हवा शिवणीतून, चेनीतून निघून जाते, दुपारी दोनला तो नुसता घुं घुं करत राहतो. भिंती पक्क्या आणि वरचं कापड असा टेंट असेल किंवा आतून जाड अस्तर असेल तर एसी चालते. नाहीतर आपला विदर्भाचा कूलर जास्त कामाचा, कारण मेमधली आपली हवा कोरडी असते आणि ओल्या ताट्यांतून आलेली कोरडी हवा मस्त थंड होते. फक्त कूलर बाहेर ठेवून त्याचं तोंड आत पाहिजे आणि समोरच्या बाजूची खिडकी जाळी लावून उघडी पाहिजे, हवा बाहेर पडायला. कूलर टेंटाच्या आतच ठेवून सगळं बंद केलं तर तासाभरात चिपचिप होते आणि मग लोक कूलरला शिव्या देतात. जूनमध्ये दमटपणा आला की कूलर कामाचा राहत नाही, म्हणूनही मे बरा.

फोनवर अजून विचारायचं ते असं: लाइट गेली तर जनरेटरवर कूलर-एसी चालते का फक्त बल्ब (हा प्रश्न सोडू नका), बाथरूम टेंटाला जोडून आहे का बाहेर चालत जावं लागते, नळाला दुपारी उकळतं पाणी येते का कारण टाकी काळी आणि उन्हात असते, पलंग किती, एक्स्ट्रा गादीचे पैसे वेगळे का, स्विमिंग पूलवर सावली आहे का आणि लहान पोरांसाठी उथळ भाग आहे का, कॅम्पला कुंपण आहे का. आजी सोबत असेल तर टेंटाला पायऱ्या किती तेही, बरेच टेंट उंच ओट्यावर असतात आणि कठडा नसतो.

पैशाचं, रेट जेवणासकट आहे का नुसता राहायचा हे आधी लिहून घ्या. जंगलाजवळ बाहेर हॉटेल शोधत फिरायची सोय नसते, तीन वेळचं जेवण धरलेला रेट महाग दिसते पण शेवटी स्वस्तच पडते. एका रात्रीचं भाडं ७,५०० च्या वर गेलं की जीएसटी वरच्या टप्प्याचा लागते, तेव्हा टॅक्स धरून भाव विचारा. आणि चेक-इनची वेळ. बहुतेक ठिकाणी दुपारी १ किंवा २, म्हणजे तुम्ही भर उन्हात गाडीतून सामान उतरवणार. त्याऐवजी शुक्रवारी संध्याकाळी पाचला घरून निघा, उजेड आहे तोवर पोचा, रविवारी सकाळी परत. पहिल्या दिवसाची दुपार तुम्ही वापरतच नाही, तर त्याबद्दल थोडा भाव कमी करायला सांगायला काय हरकत आहे, सुट्टीच्या आठवड्यात ऐकत नाहीत पण कधी ऐकतातही.

दिवस कसा लावायचा

शनिवारी पहाटे सफारी असेल तर चारलाच उठावं लागते, पोट्टे कुरकुर करतात पण जिप्सीत बसले की जागे होतात. बुकिंग वनविभागाच्या ऑनलाइन पोर्टलवर होते, मेमध्ये वाघ पाणवठ्यावर दिसतात म्हणून गर्दी असते, तेव्हा टेंटाच्या आधी सफारी बुक करा, उलटं नाही. एका जिप्सीत सहा जण. बुकिंगला जे ओळखपत्र टाकलं तेच ओरिजिनल सोबत घ्या, पोरांचं आधारसुद्धा. आत मोबाईलला मनाई असते, आणि हे बरंच आहे, पोट्टे चार तास खरोखर समोर बघतात. उघडी गाडी आणि नऊनंतर ऊन चटकते, तेव्हा सगळ्यांच्या तोंडाला ओला दुपट्टा. सकाळचीच सफारी घ्या, दुपारची उन्हातच सुटते आणि पहिला दीड तास पोरांसाठी फार जास्त होतो.

सफारी नसेल तर पहाट पक्ष्यांना द्या. मेमध्ये पाण्याच्या काठी स्वर्गीय नर्तक दिसतो, पांढरी लांब शेपटी, पोट्टे एकदा बघितला की विसरत नाहीत. मेच्या शेवटाकडे नवरंगाची शीळ सुरू होते आणि पावशा "पेर्ते व्हा" ओरडत राहतो. कॅम्पची सायकल असेल तर गावाच्या रस्त्यानं एक चक्कर, पण हे सगळं कॅम्पच्या माणसासोबतच. मोहाचा हंगाम आणि मग तेंदूपत्ता तोडायचे दिवस, म्हणजे गावचे लोक पहाटे जंगलात असतात, अस्वलंही मोहाच्या झाडाखाली येतात, आणि वाघाच्या हल्ल्याच्या बातम्या याच दिवसांत जास्त ऐकू येतात. तेव्हा "इथंच तर जाऊन येतो" म्हणत एकट्यानं कुंपणाबाहेर जायचं नाही, मोठ्यांनीही नाही.

नऊला नाश्ता, दहापर्यंत अंघोळ, आणि मग पडदे खाली. दुपारी पूल बघून पोरं हट्ट धरतात, बारा वाजता अजिबात सोडू नका, पाण्यात ऊन लागलेलं कळत नाही आणि काठावरची फरशी पायाला चटके देते. साडेपाच-सहानंतर पाहिजे तितकं डुंबा. दुपारसाठी घरून पत्ते, कॅरमपेक्षा सोपं म्हणजे अष्टचंगाच्या कवड्या आणि खडू, टेंटाच्या फरशीवर पट आखला की आजीपासून शेंबड्यापर्यंत सगळे एका खेळात येतात. बाकी झोपा. झोप हा प्लॅनचा भाग आहे, कारण रात्री जागायचं आहे.

रात्रीसाठी तर मी म्हणतो पेंचलाच जा. जानेवारी २०२४ मध्ये महाराष्ट्रातल्या पेंच व्याघ्र प्रकल्पाला डार्क स्काय पार्कचा आंतरराष्ट्रीय दर्जा मिळाला, भारतातला पहिला. सिल्लारी-वाघोडा पट्ट्यातल्या गावांचे रस्त्यावरचे दिवे झाकून खाली वळवले म्हणजे उजेड आकाशात जाऊ नये. नागपुरात शहराच्या झगमगाटात वाढलेल्या पोट्ट्यांनी एवढ्या चांदण्या पाहिलेल्याच नसतात. कॅम्पवाल्याला सांगून आजूबाजूचे लाइट बंद करायला लावा, चटई टाका, आणि वीस मिनिटं मोबाईल नाही, टॉर्च नाही, डोळ्यांना अंधाराची सवय होऊ द्या. टॉर्च लागलाच तर काचेवर लाल जिलेटीन लावा.

काय दाखवायचं तेही सांगतो, अ‍ॅप लागत नाही. मेमध्ये अंधार पडला की उत्तरेला उंच सप्तर्षी असतात. त्यांच्या शेपटीचा बाक तसाच पुढं वाढवत नेला की नारिंगी झाक असलेली ठळक स्वाती, अजून पुढं ओढला की पांढरी चित्रा. मग पार दक्षिणेला क्षितिजाजवळ बघा, मेच्या मध्यात नऊच्या सुमारास त्रिशंकू उभा असतो, चार चांदण्या, फार खाली, झाडं किंवा धूळ आडवी नसेल तर दिसतो, पार उत्तर भारतातल्या लोकांना हा पूर्ण दिसतच नाही. रात्र वाढली की आग्नेयेला वृश्चिक वर येते, पोटाशी लाल ज्येष्ठा, आणि त्याच्या मागोमाग आकाशगंगा. दुर्बीण असेल तर ती आकाशगंगेवर फिरवा.

खाणं

कॅम्पवाले पनीर बटर मसाला आणि मंचुरियन करायला बसलेले असतात. त्यांना दोन दिवस आधी फोन करून सांगितलं की बरेच जण रोडगे, वरण आणि वांग्याची भाजी खुशीनं करतात, गोवऱ्यांवर रोडगे भाजताना पोट्टे समोर बसतात तो एक तासाचा कार्यक्रमच होतो. पण हे त्यांच्या चुलीच्या जागीच. १५ फेब्रुवारी ते १५ जून हा जंगलातल्या वणव्यांचा काळ धरतात, वाळलेला पाला सगळीकडे, तेव्हा हौस म्हणून कुठंही शेकोटी पेटवायची नाही आणि सिगरेटवाल्या काकांवर जरा लक्ष ठेवा. सावजी मटण एका रात्री ठीक आहे, दोन्ही रात्री नको, त्या तिखटानं आधीच तापलेलं पोट बिघडते. दुपारी आमरस आणि सरगुंडे मिळाले तर बाकी काही मागू नका. घरून कैरीचं पन्हं गूळ घालून घट्ट करून बाटलीत, जिरे-मीठ घातलेला मठ्ठा थर्मासात, आणि आइस बॉक्समध्ये बर्फाऐवजी गोठवलेल्या पाण्याच्या बाटल्या, वितळल्या की पिता येतात.

ऊन लागू नये म्हणून

आजी म्हणेल खिशात कांदा ठेव. ठेवा, वाद घालू नका, पण तो पाण्याच्या जागी चालत नाही. तहान लागायची वाट न बघता पोरांना थोडं थोडं पाणी पाजत राहा. ओआरएसची पाकिटं घ्याच, संपली तर एक लिटर स्वच्छ पाण्यात सपाट सहा चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ, चहाचा चमचा. पोरगं गळून गेलं, डोकं दुखते म्हणते, मळमळते, तर सावलीत आडवं करा, कपडे सैल करा, अंगावर ओलं फडकं आणि वारा. बडबडायला लागलं, शुद्ध हरपल्यासारखं वाटलं, अंग तापून कोरडं पडलं तर हा उष्माघात आहे, अंगावर पाणी ओतत ओतत १०८ ला फोन करायचा, थांबून बघायचं नाही, आणि बेशुद्ध माणसाच्या तोंडात पाणी घालायचं नाही. क्रोसिनची गोळी यात काम करत नाही. कॅम्प बुक करतानाच जवळचं सरकारी दवाखाना कोणत्या गावात ते विचारून ठेवा, विंचू-सापासाठीही तेच लागते. टेंटाची चेन कायम लावलेली, चपला-बूट झटकून घालायचे, रात्री टॉर्चशिवाय पाय खाली टाकायचा नाही.

बॅग छोटी ठेवा. सुती पूर्ण बाह्यांचे कपडे, मातकट किंवा हिरवे, सफारीत लाल-पिवळं नको. माणशी दोन दुपट्टे, एक वाळत एक डोक्यावर. टोपी, ओडोमॉस, रोजच्या गोळ्या (इन्सुलिन असेल तर थंड ठेवायची सोय विचारा), पॉवर बँक, पोहायचे कपडे, एक जुनी चादर. बस.

गाडीचं कूलंट आणि टायरची हवा निघायच्या आदल्या दिवशी बघून घ्या, हवा टायर थंड असताना भरा. जुना, भेगा पडलेला टायर घेऊन मेमध्ये हायवेला जाऊ नका. वाटेत चहाला थांबलात तर पोरांना गाडीत ठेवून उतरायचं नाही, झोपलेलं असलं तरी उचलून घ्या, बंद गाडी काही मिनिटांत तापते. रविवारी सहा-साडेसहाला कॅम्प सोडला तर वाटेत रामटेकचं गडमंदिर होऊन जाते, आठच्या आत वर पोचा कारण नंतर दगड इतके तापतात की अनवाणी पोट्टे उड्या मारत परत येतात. उशीर झाला असेल तर रामटेक सोडून सरळ घरी या, ते पावसाळ्यात जास्त चांगलं दिसते.